माईकपुढचा पाहुणा

मंडळी, आपल्या नेर परसोपंताकडे काय, किंवा दारव्हा, दिग्रस, कळंब कुठेही काय, घरी पाहुणा आला की त्याचे काही नियम असतात. ते कुणी लिहून ठेवलेले नाहीत, पण ते सर्वांना ठाऊक आहेत. आधी आवतण द्यायचे. आल्यावर पाय धुवायला पाणी आणि बसायला सतरंजी द्यायची. ताटावर बसलेल्या माणसाला टोचून बोलायचे नाही. आणि जाताना त्याला नुसते दारातून निरोप देऊन मोकळे व्हायचे नाही, फाट्यापर्यंत जायचे, एस.टी. आली की बसवून द्यायचे. आवतण, बैठक आणि बोळवण, या तीन गोष्टी नीट झाल्या म्हणजे पाहुणचार झाला.

रेडिओवर किंवा टेलिव्हिजनवर जो माणूस बोलायला येतो, त्यालाही आपण ‘पाहुणा’च म्हणतो. ‘आजचे आपले पाहुणे आहेत...’ असे निवेदक म्हणतात. तेव्हा प्रश्न असा की, या पाहुण्याला पाहुणचाराचे नियम लागू आहेत की नाहीत? दुपारच्या वेळी घरची कामे आटोपून आपण जे गप्पांचे आणि मुलाखतींचे कार्यक्रम पाहतो, त्यांत कुणी आपल्या संसाराची मोडतोड सांगतो, कुणी आजार सांगतो, कुणी कर्ज सांगतो. आपण ऐकतो, हळहळतो, आणि भाजी निवडायला लागतो. तो सांगणारा घरी गेल्यावर त्याचे काय होते, हे मात्र आपण क्वचितच विचारतो. त्याचाच विचार आज करू.

प्रथम हे सांगितले पाहिजे की असे कार्यक्रम मुळात वाईट नाहीत. आकाशवाणीने बायकांसाठी दुपारचे कार्यक्रम कितीतरी वर्षे केले. सह्याद्री वाहिनीवर ‘हॅलो सखी’सारख्या कार्यक्रमात आरोग्य, कायदा, मुलांचे संगोपन यांवर जाणकार बोलत आले. ज्या गोष्टी घरात विचारायची चोरी, त्या एखाद्या बाईने फोन करून विचारल्या आणि दहा जणींना उत्तर मिळाले. अमेरिकेत फिल डोनाह्यू नावाच्या गृहस्थांनी १९६७ साली ओहायो राज्यातील डेटन या गावी असा दिवसाचा कार्यक्रम सुरू केला. समोर बसलेल्या साध्या श्रोत्यांच्या हाती माईक द्यायचा आणि प्रश्न विचारू द्यायचे, ही त्यातली नवी गोष्ट होती. ज्या विषयांवर चारचौघांत बोलत नसत ते विषय लोक बोलू लागले. हा मोठा लाभ होता.

पण पुढे काय झाले? एकाचे पाहून दुसऱ्याने दुकान मांडले, दुसऱ्याचे पाहून तिसऱ्याने. गिऱ्हाईक ओढायचे तर माल जास्त झणझणीत पाहिजे. मग साध्या बोलण्याने भागेना. पाहुणा रडला पाहिजे, भांडला पाहिजे, त्याचे गुपित सर्वांदेखत फुटले पाहिजे, असे होऊ लागले. पाहुणा मागे पडला आणि त्याचे दुःख हाच माल झाला.

याची दोन उदाहरणे जगाला ठाऊक आहेत. पहिले अमेरिकेतले. मार्च १९९५ मध्ये ‘जेनी जोन्स शो’ नावाच्या कार्यक्रमासाठी एका तरुणाला बोलावले. तुझ्यावर कुणाचा तरी जीव जडला आहे, ते कोण हे तुला तिथे कळेल, एवढेच त्याला ठाऊक. प्रेक्षकांसमोर गुपित उघडले तेव्हा ती व्यक्ती म्हणजे त्याच्या ओळखीचा एक पुरुष निघाला. लोक हसले, टाळ्या पडल्या. तीन दिवसांनी त्या तरुणाने दुसऱ्याला गोळी घालून ठार केले. तो भाग पुढे दाखवलाच गेला नाही. मृताच्या घरच्यांनी दावा लावला. १९९९ मध्ये ज्यूरीने कार्यक्रमवाल्यांना सुमारे अडीच कोटी डॉलर भरायला सांगितले, पण २००२ मध्ये वरच्या न्यायालयाने तो निकाल फिरवला. खून करणाऱ्याचा गुन्हा तो त्याचाच, यात वाद नाही. तरी एक गोष्ट उरतेच. त्या माणसाला काय होणार हे न सांगता आवतण दिले गेले होते.

दुसरे उदाहरण इंग्लंडचे. तिथे ‘जेरेमी काइल शो’ नावाचा सकाळच्या वेळचा कार्यक्रम २००५ पासून चालू होता. नवरा-बायको, बाप-लेक यांची भांडणे तिथे येत. खरे-खोटे करण्यासाठी यंत्र लावत आणि निकाल भर प्रेक्षकांत वाचून दाखवत. मे २०१९ मध्ये ६३ वर्षांचे एक पाहुणे अशा यंत्राच्या परीक्षेत ‘नापास’ ठरले, आणि त्यानंतर काही दिवसांतच त्यांनी आयुष्य संपवले. तो भाग दाखवला गेला नाही आणि आठवड्याभरात कार्यक्रमच कायमचा बंद झाला. २०२४ मध्ये या मृत्यूची रीतसर चौकशी पुरी झाली, तेव्हा चौकशी अधिकाऱ्याने कार्यक्रम आणि मृत्यू यांचा थेट संबंध पुराव्याने सिद्ध होत नाही, असेच म्हटले. हेही नीट ध्यानात घ्या. माणूस एका कारणाने कोसळत नाही, त्याच्या मनावर अनेक ओझी असतात. पण म्हणूनच, आधीच ओझे वाहणाऱ्या माणसाच्या डोक्यावर आणखी एक पाटी ठेवताना दहादा विचार करावा लागतो. इंग्लंडने तो केला. एप्रिल २०२१ पासून तिथल्या प्रसारणाच्या नियमांत असे कलम आले की, ज्या सहभागी माणसाला कार्यक्रमामुळे मोठी इजा होण्याचा धोका आहे, त्याच्या भल्याची योग्य काळजी प्रसारण करणाऱ्याने घेतलीच पाहिजे.

आपल्याकडे २००९ साली ‘सच का सामना’ या कार्यक्रमात अशाच यंत्राचा उपयोग करून लोकांना खासगी प्रश्न विचारले जात. त्यावर राज्यसभेतही आक्षेप घेण्यात आला. पुढच्याच वर्षी, २०१० मध्ये, आपल्या सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, गुन्ह्याच्या तपासातसुद्धा माणसाच्या मर्जीविरुद्ध त्याच्यावर हे यंत्र लावता येणार नाही. तमिळनाडूत घरगुती भांडणे सोडवण्याच्या एका कार्यक्रमाविरुद्ध तक्रार झाली की, गरिबांच्या घरातल्या गोष्टी चव्हाट्यावर मांडल्या जातात. २०१८ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाच्या मदुराई खंडपीठाने त्याला काही काळ स्थगितीही दिली होती.

आता आपण म्हणाल, अमेरिका, इंग्लंड आणि मद्रास यांचे आम्हाला काय? आमच्या नेरातून कोण जातो बाप्पा टीव्हीवर?

तर मंडळी, तसे नाही. यवतमाळ जिल्ह्याला कॅमेरा नवा नाही. चिलगव्हाणच्या साहेबराव करपे यांच्या कुटुंबाची १९८६ सालची गोष्ट आजही दर वर्षी १९ मार्चला आठवली जाते. २००६ साली पंतप्रधान मनमोहन सिंग विदर्भात आले, आणि यवतमाळसह सहा जिल्ह्यांसाठी ३,७५० कोटी रुपयांची योजना जाहीर झाली. त्या काळात देशाचे आणि परदेशाचे पत्रकार आपल्या गावांत आले. त्यांतल्या कितीतरी जणांनी मनापासून काम केले, दिवसच्या दिवस शिवारात हिंडून कर्जाचा, भावाचा, बियाण्याचा हिशोब जगापुढे मांडला. त्यांचे आपल्यावर उपकार आहेत. पण कित्येक जण सकाळी आले, ज्या घरात दुःख झाले त्या घराच्या ओसरीवर माईक धरला, बाईला रडू येईपर्यंत विचारले आणि चहाही न पिता गेले. तो माईक स्टुडिओतला नव्हता एवढेच, पण ती बाई पाहुणीच होती. तीही स्वतःच्या घरात! २०१० मध्ये ‘पीपली लाइव्ह’ हा चित्रपट याच गर्दीवर निघाला. तो पाहून पुष्कळ लोक हसले, पण ज्यांनी ती गर्दी दारात पाहिली आहे त्यांना फारसे हसू आले नसेल.

आपल्याच जिल्ह्यातील जळका गावच्या कलावती बांदूरकर यांचे नाव सर्वांना माहीत आहे. २२ जुलै २००८ रोजी लोकसभेत राहुल गांधींच्या भाषणात त्यांचे नाव निघाले आणि एका दिवसात ते देशभर झाले. पंधरा वर्षांनी, ऑगस्ट २०२३ मध्ये, गृहमंत्री अमित शहा यांच्या भाषणात लोकसभेत ते पुन्हा निघाले. पत्रकार पुन्हा दाराशी आले, आणि आपल्याला कुणाची काय मदत झाली हे कलावतीबाईंनी स्वतःच्या तोंडाने सांगितले. यात कोणता पक्ष बरोबर, हा आपला विषय नाही. विषय एवढाच की एका बाईच्या घरातली गोष्ट दोनदा दिल्लीच्या सभागृहात बोलली गेली, आणि दोन्ही वेळा ती दुसऱ्याच्या तोंडून बोलली गेली. एकदा आपली गोष्ट बाहेर गेली की ती आपल्या मर्जीने परत येत नाही. पंधरा वर्षांनीही ती कुणीतरी बाहेर काढतो.

याच्या शेजारी दुसरी गोष्ट ठेवून पहा. जानेवारी २०१९ मध्ये यवतमाळला ९२ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन झाले. अरुणा ढेरे अध्यक्ष होत्या. उद्‌घाटनाला लेखिका नयनतारा सहगल यांना बोलावले होते, पण ते आवतण मागे घेण्यात आले आणि मोठा वाद झाला. शेवटी उद्‌घाटन केले ते कळंब तालुक्यातील राजूर गावच्या वैशाली येडे यांनी. त्या अंगणवाडीत मदतनीस. शेतकरी नवऱ्याने आत्महत्या केल्यावर दोन लेकरे वाढवणारी ही बाई. ‘तेरवं’ या नाटकात त्यांनी काम केले होते. श्याम पेठकरांनी लिहिलेल्या आणि हरीश इथापे यांनी बसवलेल्या या नाटकात शेतकऱ्यांच्या घरच्या एकट्या राहिलेल्या बायका स्वतःच रंगमंचावर उभ्या राहिल्या. म्हणजे वैशालीताई संमेलनाच्या मांडवात आल्या तेव्हा आपली गोष्ट कशी सांगायची, कुठवर सांगायची, कुठे थांबायचे, याची तयारी त्यांची झालेली होती. त्या रडायला उभ्या राहिल्या नाहीत. एकट्या बाईकडे गाव कसे पाहते आणि शेतमालाचा भाव घर कसे मोडतो, ते त्यांनी सांगितले.

दुःख तेच, जिल्हा तोच. फरक कुठे आला? वैशालीताईंच्या वेळी गोष्ट सांगणाऱ्याच्या हातात राहिली. आजच्या बोलण्याचे सार या एका वाक्यात आहे असे समजा. दुःख सांगावे की न सांगावे, कुणाला सांगावे, किती सांगावे, हे ज्याचे दुःख त्याने ठरवायचे. ऐकणाऱ्याने आणि माईक धरणाऱ्याने त्याला ते ठरवता येईल अशी व्यवस्था करायची.

यावर एक शंका येते आणि ती रास्त आहे. दुःख झाकून ठेवले तर ते सरकारला कळणार कसे? मदत येणार कशी? अगदी खरे. न बोलल्याने आपल्या लोकांचे फार नुकसान झाले आहे. तेव्हा कुणी बोलूच नये, असे आमचे म्हणणे नाही. विहिरीतून पाणी काढायचेच, पण काढणारा विहिरीत पडू नये म्हणून काठाला कठडा बांधतात ना, तसे हे आहे. तो कठडा कसा बांधायचा, ते आता आवतण, बैठक आणि बोळवण या क्रमाने पाहू.

पहिले आवतण. आपल्या माणसांत एक मोठा गुण आहे, आणि इथे तोच दोष होतो. तो म्हणजे भीड. शहरातून गाडी करून कुणी आले, गोड बोलले, सरपंचाला बरोबर घेऊन आले, की ‘नाही’ म्हणवत नाही. त्यातून ‘टीव्हीवर आलं म्हणजे काही तरी मदत होईल’ ही आशा. भिडेपोटी आणि आशेपोटी दिलेला होकार हा खरा होकार नव्हे. म्हणून बोलावणे आले की आधी आपण प्रश्न विचारावेत:

‘कार्यक्रमाचे नाव काय? कोणत्या वाहिनीचा?’ ‘विषय काय, आणि मला नेमके काय विचारणार?’ ‘माझ्याबरोबर दुसरे कोण असणार? माझ्या सासरचे, भाऊबंद, सावकार, कुणी अचानक समोर येणार का?’ ‘हे लगेच दिसणार की नंतर काटछाट करून दाखवणार?’ ‘माझे नाव, गाव, चेहरा दिसला नाही तर चालेल का?’ ‘उद्या मन बदलले तर मला नाही म्हणता येईल का, आणि ते कुणाला सांगायचे?’ ‘याचे मला पैसे किंवा मदत मिळणार का? मिळणार असेल तर लिहून देता का?’

चांगला कार्यक्रमवाला या प्रश्नांनी रागावत नाही. जो रागावतो, त्याच्या गाडीत बसू नये. कागदावर सही मागितली तर शाळेतल्या गुरुजींकडून, बाईंकडून तो कागद वाचून घ्यावा. एक रात्र मध्ये जाऊ द्यावी. घरात मृत्यू होऊन थोडेच दिवस झाले असतील, तर तेरवीपर्यंत तरी कुणालाही मुलाखत देऊ नये आणि मागणाऱ्यानेही मागू नये. त्या दिवसांत माणूस आपल्या ठिकाणावर नसतो. तेव्हा दिलेला होकार नंतर छातीवर बसतो.

दुसरी बैठक. स्टुडिओत गेलेल्या माणसाला काय होते ते समजून घ्या. डोळ्यांवर दिवे, अंगाला चिकटवलेला माईक, समोर अनोळखी माणसे, आणि घर शेकडो मैल लांब. अशा वेळी माणूस जे बोलणार नव्हता ते बोलून जातो. निवेदक जरा गप्प बसला की ती शांतता भरून काढण्यासाठी पाहुणा आणखी बोलतो, हे मुरलेल्या मुलाखतकाराला पक्के ठाऊक असते. म्हणून बरोबर एक विश्वासाचे माणूस असावे, आणि ते समोर दिसेल अशा जागी बसावे. ‘मला यावर बोलायचे नाही’ हे वाक्य घरूनच घोकून जावे. पाणी मागावे. थांबायचे असेल तर हात वर करावा आणि उठून यावे. पाहुणा कैदी नसतो.

आम्हा रेडिओवाल्यांनाही इथे आपले कान धरावेत. आवाज भरून आला की तेवढाच तुकडा ठेवावा आणि बाकी कापावा, हा मोह माईक धरणाऱ्या प्रत्येकाला होतो. पण त्या कापलेल्या भागात त्या बाईने दुसरी पेरणी कशी केली, पोरीला बारावीपर्यंत कसे शिकवले, बचत गट कसा चालवला, हे असते. रडणे ठेवून उभे राहणे कापले, तर ती बाई अर्धीच लोकांपुढे जाते. प्रश्न विचारतानाही ‘त्या वेळी तुम्हाला काय वाटलं?’ असे जखमेत बोट घालण्यापेक्षा ‘लोकांना काय कळावं असं तुम्हाला वाटतं?’ असे विचारावे. म्हणजे गोष्ट त्यांच्या हातात राहते.

तिसरी बोळवण. सर्वांत जास्त हयगय इथेच होते. कार्यक्रम संपला, दिवे मालवले, पाहुण्याला बसच्या तिकिटाचे पैसे दिले, झाले. पण खरा कार्यक्रम तर गावात परतल्यावर सुरू होतो. ‘काऊन व बाई, टीव्हीवर लय रडली म्हणते तू!’ असे पाणवठ्यावर कुणी म्हणते. भाऊबंद म्हणतात, घरची अब्रू घालवली. शेजारी म्हणतात, हिला लाख रुपये मिळाले असतील. आणि आता तर कार्यक्रम संपतच नाही. त्याचा तुकडा मोबाईलवर फिरतो, वर्षभराने पुन्हा फिरतो, पोरांच्या वर्गात जातो. म्हणून कार्यक्रम करणाऱ्याने पाहुण्याला घरी पोचते करावे, दाखवण्याआधी ‘अमुक दिवशी, अमुक वेळी दिसणार आहे’ असे कळवावे, दाखवल्यानंतर दोन-चार दिवसांनी आणि महिन्याने फोन करावा. मन फार बिघडले असेल तर १४४१६ हा टेली-मानसचा सरकारी क्रमांक आहे. ऑक्टोबर २०२२ पासून तो चालू आहे, पैसे लागत नाहीत, कोणत्याही वेळी लावता येतो. हा क्रमांक शाळेच्या आणि ग्रामपंचायतीच्या फळ्यावर लिहून ठेवावा. टीव्हीवर न गेलेल्यांनाही तो लागतो.

आता शिक्षक मंडळींशी दोन शब्द. गुरुजी, बाई, तुमच्या वर्गात बाप गमावलेले लेकरू असते. कधी कुणी कॅमेरा घेऊन शाळेत येतो आणि म्हणतो, ‘त्या मुलाशी जरा बोलू द्या.’ मग पाचवीतल्या पोराला विचारतात, ‘बाबांची आठवण येते का रे?’ या प्रश्नाचे कोणते उत्तर जगाला नव्याने कळायचे आहे? बापाच्या जाण्याने लेकराला आठवण येते, हे सांगायला पुरावा लागत नाही. तेव्हा शाळेच्या फाटकातच हात जोडून नाही म्हणावे. लेकराचा होकार हा होकार नसतो. आई हो म्हणाली तरी आईशी आपण बाजूला बोलून पाहावे.

काही ठिकाणी कायदा स्पष्ट आहे, तो ध्यानात ठेवा. ज्या बालकावर लैंगिक अत्याचार झाला आहे, त्याचे नाव, पत्ता, छायाचित्र, घरच्यांची माहिती, शाळा, शेजार, यांपैकी ज्याने ओळख पटेल असे काहीही प्रसिद्ध करता येत नाही. हे २०१२ च्या पोक्सो कायद्याचे कलम २३ आहे, आणि मोडले तर सहा महिन्यांपासून एक वर्षापर्यंत शिक्षा होऊ शकते. कायद्याच्या कचाट्यात सापडलेल्या किंवा साक्षीदार असलेल्या मुलांसाठी २०१५ च्या बाल न्याय कायद्याचे कलम ७४ आहे. बलात्कार झालेल्या स्त्रीची ओळख उघड करणे हाही गुन्हा आहे. १ जुलै २०२४ पासून तो भारतीय न्याय संहितेच्या कलम ७२ मध्ये आहे. आत्महत्येच्या बातमीबद्दल प्रेस कौन्सिलने सप्टेंबर २०१९ मध्ये वृत्तपत्रांसाठी नियम स्वीकारले. कसे केले याचे वर्णन देऊ नये, भडक मथळा देऊ नये, आणि मदत कुठे मिळते ते छापावे, असे त्यांचे सार आहे. मात्र मोठ्या माणसाने आपल्या इच्छेने कार्यक्रमात जाऊन बोलल्यावर त्याच्या मनाची काळजी कुणी घ्यावी, याचा इंग्लंडसारखा स्वतंत्र नियम आपल्या केबल टेलिव्हिजनच्या कार्यक्रमसंहितेत नाही. म्हणून तर ही काळजी आपली आपणच घ्यायची आहे.

तक्रारीची सोय मात्र आहे. जून २०२१ मध्ये केबल टेलिव्हिजनचे नियम सुधारले. कोणत्याही वाहिनीवरच्या कार्यक्रमाबद्दल त्या वाहिनीकडे लेखी तक्रार करता येते. तिने २४ तासांत पोच आणि १५ दिवसांत उत्तर द्यायचे असते. समाधान झाले नाही तर पुढच्या १५ दिवसांत वाहिन्यांच्या स्वनियमन संस्थेकडे जाता येते, आणि त्यानंतर केंद्र सरकारकडे. तक्रारीत वाहिनीचे नाव, कार्यक्रमाचे नाव, तारीख आणि वेळ लिहायला विसरू नका. गावातल्या बाईला हे लिहिता येत नसेल तर तिच्यासाठी लिहून देणे हे शिकल्यासवरल्यांचे काम आहे.

शेवटी आपण, म्हणजे ऐकणारे आणि पाहणारे. आपण काही फक्त बघे नाही. १९५६ साली पुणे केंद्राने पाच जिल्ह्यांतल्या १५० गावांत रेडिओ ग्रामसभेचा प्रयोग केला होता. गावातली मंडळी संध्याकाळी एकत्र बसत, शेतीचा कार्यक्रम ऐकत, त्यावर चर्चा करत, आणि काय ठरले, काय अडले ते केंद्राला कळवत. ऐका, चर्चा करा, कृती करा, असे त्याचे सूत्र होते. टाटा समाजविज्ञान संस्थेने त्याचा अभ्यास केला आणि प्रयोगाचा चांगला उपयोग झाल्याचे दिसले. या सूत्रात ऐकणे ही पहिली पायरी होती, शेवटची नव्हे. आज आपण ऐकून थांबतो, नाहीतर तुकडा पुढे पाठवतो.

तेच सूत्र आजही वापरता येईल. एखादे वेळी वर्गात किंवा बचत गटाच्या बैठकीत दुपारचा एखादा कार्यक्रम एकत्र पाहा आणि चार प्रश्न विचारा. या पाहुण्याला काय होणार हे आधी ठाऊक होते का? त्याला थांबता आले असते का? काय कापले असेल? आणि घरी गेल्यावर त्याला कोण भेटले असेल? मुले या प्रश्नांची उत्तरे मोठ्यांपेक्षा चांगली देतात. कुणाच्या रडण्याचा तुकडा मोबाईलवर आला तर पुढे पाठवू नका, तिथेच पुसून टाका. गावातले कुणी टीव्हीवर बोलून आले तर ‘किती मिळाले?’ असे विचारू नका. ‘प्रवास ठीक झाला ना? जेवलात का?’ असे विचारा, आणि हवे तर त्यांच्या ओसरीवर थोडा वेळ नुसते बसा.

असे झाले तर कापसाचा भाव, कर्जाचा फेरा, एकट्या बाईचे हाल, या सगळ्या गोष्टी जगाला सांगायला आपली माणसे पुढे येतील, आणि सांगून झाल्यावर मान वर करून आपल्या गावात परत येतील.